एका पातेल्यातले जेवण

(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी वर्षात जानेवारी महिन्यात भरलेल्या ज्येष्ठ सभासदांच्या मेळाव्यात केलेले भाषण)



सुवर्णमहोत्सवाच्या व्याख्यानमालेत ह्या व्यासपीठावरून आजवर मोठमोठे विषय होऊन गेले. महादजी शिंद्यांनी १७७१ साली दिल्ली घेतली, तो प्रसंग झाला. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी ह्यांच्या अध्यक्षतेखाली १९५४ साली ह्याच नगरीत भरलेल्या साहित्य संमेलनाच्या आठवणी झाल्या. त्या पंक्तीत आज भाज्यांच्या सुपाने येऊन बसावे, हे आपणांपैकी काहींना खटकले असेल. आमचा विषय ऐकून कार्यवाहांनी, ‘भाषण विनोदी आहे का?’ अशी पृच्छा केली होती. भाषण विनोदी नाही. आमच्या मागे त्या शेगडीवर जे मोठे पातेले आपणांस दिसत आहे, त्यात कांदा परतून झाला आहे आणि भाज्या शिजावयास लागल्या आहेत. भाषण लांबले तर भाज्यांचा लगदा होईल. तेव्हा ते लांबणार नाही, एवढी हमी ते पातेलेच देत आहे.

प्रथम ‘सूप’ ह्या शब्दाविषयी थोडेसे. हा शब्द उच्चारताच आपल्यातील जुन्या मंडळींना धान्य पाखडावयाचे सूप आठवते आणि नव्यांना हॉटेलातील वाडगा आठवतो. परंतु संस्कृतात सूप म्हणजे वरण, कालवण. सूपकार म्हणजे आचारी. रामचंद्र सखाराम गुप्ते ह्यांनी १८७५ साली मराठीत पाककृतींचे पुस्तक छापले, त्याचे नावच मुळी ‘सूपशास्त्र’. इंग्रजीतला शब्द आणि आपला शब्द ह्यांचे काही नाते आहे असे आम्ही म्हणत नाही. आपल्या कानाला हा शब्द अगदीच परका वाटावयास नको, इतकेच.

आता ह्या विषयाशी आमचा संबंध कसा आला, ते सांगितल्यावाचून पुढे जाता येणार नाही. दोन वर्षांपूर्वी मार्गशीर्षात आमची पत्नी गेली. आपल्यापैकी पुष्कळांनी तिच्या हातचे खाल्लेले आहे. सेहेचाळीस वर्षांच्या संसारात स्वयंपाकघरात आमचे जाणे पाणी पिण्यापुरते आणि ‘झाले का?’ असे विचारण्यापुरते होते. आता ह्यातील गंमत पाहा. मंडळाच्या गणेशोत्सवात महाप्रसादाच्या दिवशी तीनशे पानांच्या मसालेभाताच्या पातेल्यात आम्ही वीस-पंचवीस वर्षे झारा फिरविला आहे. कमरेला पंचा गुंडाळून, घाम पुसत, ‘मीठ बघा हो’ म्हणून ओरडत आम्ही तेथे आचाऱ्यासारखे मिरवत असू. तीनशे माणसांचे करणारे आम्ही एका माणसाचे करावयाची वेळ आली तेव्हा शेगडीपुढे निव्वळ उभे राहिलो. त्या महाप्रसादात तांदूळ किती, पाणी किती, फोडणीत काय पडावयाचे, हे सारे मागे बसलेल्या बायका सांगत होत्या, हे तेव्हा प्रथमच आमच्या ध्यानी आले.

पहिले दोन महिने आम्ही पाव, बिस्किटे आणि चहा ह्यांवर काढले. डबा लावून पाहिला. तो दुपारी येई, आणि थंडीच्या दिवसांत रात्री साडेसातला तो उघडावासा वाटत नसे. आमची कन्या बंगळूरला असते. ती रोज संध्याकाळी दूरध्वनी करून विचारी, ‘बाबा, काय जेवलात?’ आम्ही रोज सांगत असू, ‘वरणभात.’ सचिवालयात सदतीस वर्षे नोकरी करताना जेवढे खोटे बोललो नसू, तेवढे त्या दोन महिन्यांत बोललो. माघात ती न कळविता आली. तिने फ्रिज उघडला. आत दूध होते, अर्धा पाव होता आणि औषधे होती. ती काही बोलली नाही. फ्रिज बंद करून बराच वेळ तशीच उभी राहिली. वैद्यकीय तपासणीत आमचे वजन सात किलोंनी उतरलेले निघाले.

हे सांगताना आम्हांस संकोच वाटत नाही असे नाही. परंतु ह्या सभागृहात आज अशी किती माणसे बसली आहेत, ते आम्ही जाणतो. कोणी एकटे आहेत, तर कोणी दोघे असून एकाच्या हाताला कंप आहे. मुले पुण्याला आहेत, अमेरिकेत आहेत. नोएडात असली तरी त्यांना घरी पोहोचावयास रात्रीचे नऊ वाजतात. ‘काय जेवलात?’ ह्या प्रश्नाला ‘वरणभात’ हे उत्तर देणारे आम्ही एकटेच असू, असे आम्हांस वाटत नाही.

कन्या परत जाताना एक पास्त्याचे पाकीट ठेवून गेली. ‘ह्यात भाज्या घाला, एका पातेल्यात होते,’ असे सांगून गेली. आम्ही एका संध्याकाळी ते पाचशे ग्रॅमचे पाकीट सबंध कुकरात रिकामे केले, वर दोन गाजरे आणि मटार टाकले, पाणी घातले आणि तीन शिट्ट्या होऊ दिल्या. झाकण काढले तेव्हा आत जे होते त्याने मंडळाची दहा वर्षांची भित्तिपत्रके चिकटविता आली असती. पूर्वी सरोजिनीनगरच्या क्वार्टरात आम्ही उत्सवाची पत्रके लावण्यासाठी मैद्याची खळ शिजवीत असू, हुबेहूब तीच. रात्री ती सारी खळ कागदात गुंडाळून टाकून दिली आणि पुन्हा पाव खाल्ला.

ह्या खळीतून आम्ही शिकलो ते असे. पास्ता दोन प्रकारचा मिळतो. एक साध्या मैद्याचा. तो लवकर विरघळतो आणि पाणी गढूळ करतो. दुसरा दुरुम जातीच्या कठीण गव्हाच्या रव्याचा; तो शिजूनही आपला आकार सोडीत नाही. पाकिटावर बारीक अक्षरांत लिहिलेले असते, भिंग घेऊन वाचावे. हा दुरुम गहू काही परदेशातूनच यावा लागतो असे नाही. आपल्याकडचा बन्सी गहू त्याच जातीचा, आणि माळव्यातही तो भरपूर पिकतो.

मुळात हा पदार्थ आपणांस नवा तरी कितीसा आहे? आम्ही वऱ्हाडातले, आमची पत्नी साताऱ्याकडची. आमच्याकडे ज्यांना वरणफळे म्हणतात त्यांना ती चकोल्या म्हणे, आणि ह्या नावावरून आमचा वाद सेहेचाळीस वर्षांत मिटला नाही. कणीक तिखटमीठ, हळद आणि ओवा घालून घट्ट मळावयाची, पोळी लाटून तिचे शंकरपाळ्यांसारखे तुकडे कापावयाचे आणि उकळत्या पातळ आमटीत एकेक करून सोडावयाचे. जुन्नरकडची मंडळी हुलग्याच्या पिठाची शेंगोळी वळून रश्शात टाकतात. पूर्व उत्तर प्रदेशातील आणि बिहारातील आपले शेजारी ह्यालाच दालपिठी म्हणतात. मजनू का टीला येथे, १९५९ नंतर तिबेटातून आलेल्या निर्वासितांच्या वस्तीत, आम्ही एकदा थेंथुक नावाचा वाडगा खाल्ला. पिठाची पट्टी हाताने तोडून तुकडे थेट उकळत्या रश्श्यात भिरकावलेले, सोबत मुळा आणि पालक. खाताना वाटले, ही तर बौद्ध भिक्षूंची वरणफळे.

आणि आपल्या स्त्रियांचे वळवट विसरून कसे चालेल? गव्हले, नखुल्या, मालत्या, बोटव्या. नखावर, बोटावर वळलेले हे इवलेइवले आकार लग्नाच्या रुखवतात मांडले जात आणि त्यांच्या खिरी होत. वऱ्हाडात सरगुंडे करतात. कणकेची बारीक वळी काडीवर गुंडाळून काढतात, ती आतून पोकळ राहते. मॅकरोनी प्रथम पाहिली तेव्हा आमच्या आईने ‘हे तर सरगुंडे’ असेच म्हटले असते. दिल्लीच्या आसपास आणि पश्चिम उत्तर प्रदेशात बायका जवे वळतात, ते आपल्या गव्हल्यांचे सख्खे भाऊ. इटलीतील गृहिणीने आणि आपल्या आजीने एकमेकींस पाहिले नव्हते. परंतु पीठ वाळवून ठेवले की अडीअडचणीला उपयोगी पडते, हे दोघींना ठाऊक होते.

मग आम्ही चकोल्याच का करीत नाही, असा प्रश्न आपण विचाराल. केल्या. चार वेळा केल्या. लाटणे आमच्या हाती बसत नाही. तुकडे कडेला पातळ आणि मध्ये जाड होतात, आत कच्चे राहतात, आणि आमसूल व गूळ ह्यांचे जे प्रमाण तिच्या हाताला ठाऊक होते ते तिने कोठे लिहून ठेवले नाही. आम्हीही कधी विचारले नाही. म्हणून आम्ही पास्त्याकडे वळलो. तो लाटावा लागत नाही, बिघडत नाही, सहा महिने डब्यात पडून राहतो. न आलेल्या विद्येची ती भरपाई आहे, हे आम्ही जाणून आहोत.

आता कृती. एका माणसाला दोन वेळा पुरेल असे प्रमाण सांगतो. एक मध्यम कांदा, एक गाजर, एक लहान बटाटा, अर्धे शलगम, ओंजळभर मटार, एक मोठा टोमॅटो, लसणाच्या दोन पाकळ्या, दोन चमचे मूगडाळ आणि मूठभर पालक किंवा चाकवत. ज्याला दिल्लीचा भाजीवाला बथुआ म्हणतो, तोच आपला चाकवत. भाज्या हरभऱ्याच्या दाण्याहून थोड्या मोठ्या चिराव्या. कवळी लावणाऱ्यांना हे सांगावे लागत नाही.

सर्वांत महत्त्वाचा भाग कांद्याचा, आणि नेमकी तेथेच आमच्यासारख्या नवशिक्यांची घाई होते. दोन चमचे तेलात बारीक चिरलेला कांदा चिमूटभर मीठ टाकून अगदी मंद आचेवर दहा मिनिटे परतावा. तो लाल होता कामा नये. तो मऊ, पारदर्शक आणि गोडसर झाला पाहिजे. मीठ कांद्यातले पाणी बाहेर काढते, म्हणून तो जळत नाही. ही दहा मिनिटे उभे राहावयास कंटाळा येतो. आम्ही आकाशवाणी लावतो. मग लसूण, गाजर, शलगम आणि बटाटा घालून आणखी पाच मिनिटे परतावे, धुतलेली मूगडाळ घालावी आणि एक लिटर पाणी ओतावे.

पाण्याविषयी एक गोष्ट आम्हांस शेजारच्या पंजाबी माताजींनी शिकविली. हिवाळ्यात दिल्लीच्या गच्च्यांवर आणि अंगणांत सकाळी उन्हात बसून मटार सोलण्याचा जो सोहळा चालतो, तो आपण सर्वांनी पाहिलेला आहे. आम्ही सोललेल्या शेंगांची टरफले टाकावयास निघालो, तेव्हा त्या म्हणाल्या, ‘भाईसाहब, छिलके मत फेंकना.’ ती टरफले, फ्लॉवरचा दांडा आणि कोथिंबिरीच्या काड्या धुऊन वीस मिनिटे पाण्यात उकळाव्या आणि गाळून घ्याव्या. त्या पाण्याला मटारांचा जो गोडवा येतो, तो बाजारी सुपाच्या पुडीत नाही. शिवाय त्या पुडीत मीठ पुष्कळ असते. रक्तदाबाच्या गोळ्या घेणाऱ्यांनी पुडी उघडण्यापूर्वी तिच्यावरचा मजकूर वाचावा.

टोमॅटो आरंभी घालू नये. आम्ही घालत असू, आणि बटाटा तासभर टणक का राहतो ह्याचा विचार करीत बसत असू. आंबटपणामुळे भाज्या आणि डाळी लवकर मऊ होत नाहीत. वीसेक मिनिटांनी बटाटा सुरीने सहज तुटू लागला की मग टोमॅटो आणि मटार घालावे. डाळीऐवजी राजमा घालावयाचा असेल तर तो रात्रभर भिजवून, ते पाणी टाकून, कुकरात वेगळा पूर्ण शिजवून घ्यावा. कच्चा किंवा अर्धवट शिजलेला राजमा पोटाला बाधतो. त्यात एक विषारी द्रव्य असते आणि ते खळखळ उकळल्यानेच जाते.

पास्ता सर्वांच्या शेवटी. एका माणसाच्या एका वेळेला पंचवीस-तीस ग्रॅम, म्हणजे मिटल्या मुठीत मावेल इतका, आणि तोही लहान आकाराचा. आणि येथे एकट्या माणसाने एक नियम कटाक्षाने पाळावा: आज जेवढे खाणार तेवढ्याच सुपात पास्ता घालावा. उरलेले सूप पास्त्यावाचून फ्रिजमध्ये ठेवावे. पास्ता रात्रभर पाणी पीत राहतो. सकाळी पाहावे तो पुन्हा खळ. दुसऱ्या दिवशी सूप उकळून त्यात नवा पास्ता टाकला की आठ-दहा मिनिटांत जेवण तयार. पालेभाजी अगदी शेवटच्या दोन मिनिटांत. वरून मिरपूड आणि लिंबू. इटलीत वरून चीज किसून घालतात. आम्ही चमचाभर साजूक तूप घालतो, आणि ह्याबाबत इटलीचे मत विचारीत नाही.

ह्यात शिस्त एवढीच. बाकी सारे मोकळे आहे. इटलीतल्या ह्या सुपाला मिनेस्त्रोने म्हणतात आणि त्याची एक ठराविक यादी नाही. बाजारात जे येईल ते त्यात जाते. आपली दिल्ली ह्या कामाला फार चांगली. डिसेंबर ते फेब्रुवारी लाल गाजर, मटार, शलगम, पातीचा कांदा, हिरवा लसूण, पालक. उन्हाळ्यात दुधी, दोडका, ढेमसे. आम्ही १९७३ साली ह्या शहरात आलो तेव्हा पहिल्याच आठवड्यात भाजीवाला ‘सीताफल, सीताफल’ म्हणून ओरडत होता. आम्ही आनंदाने एक किलो मागितले, आणि त्याने सुरी काढून लाल भोपळ्याची फाक कापून दिली. पन्नास वर्षे त्या फसवणुकीचा राग होता. आता सप्टेंबरात आम्ही तेच सीताफल सुपात घालतो आणि ते उत्तम लागते.

ज्या दिवशी हे सूप प्रथम नीट जमले, तो फाल्गुनातला दिवस होता. बाहेर पाऊस पडून गेला होता. कन्येचा दूरध्वनी आला, तिने नेहमीचा प्रश्न विचारला, आणि आम्ही म्हणालो, ‘सूप. त्यात गाजर होते, शलगम होते, मूगडाळ होती.’ पलीकडून तिने विचारले, ‘शलगम किती घातलेत?’ तिचा विश्वास बसला नव्हता. ती उलटतपासणी घेत होती. आम्ही प्रत्येक भाजी मोजून सांगितली. मग ती म्हणाली, ‘आई शलगम घालायची नाही.’ ते खरे होते. आमच्या पत्नीला शलगमाचा वास आवडत नसे आणि म्हणून आमच्या घरी ते कधी आले नाही. आम्हांस ते आवडते, हे आम्हांसही त्याच दिवशी कळले. ही गोष्ट आनंदाची की दुःखाची, ह्याचा निर्णय आम्ही अजून करू शकलेलो नाही.

आता कार्यकारिणीस एक विनंती. मंडळाच्या स्वयंपाकघरात मोठी पातेली आहेत, दोन शेगड्या आहेत, आणि उत्सवाचे दिवस सोडले तर वर्षभर तेथे कुलूप असते. हिवाळ्याच्या चार महिन्यांत दर पंधरवड्याला एका शनिवारी संध्याकाळी ते कुलूप काढावे. ज्येष्ठ पुरुष सभासदांनी भाज्या आणाव्या, स्वतः चिराव्या आणि स्वतः शिजवाव्या. ज्येष्ठ भगिनींनी खुर्चीवर बसून चुका दाखवाव्या. आमच्या महाप्रसादाला त्यांनी दिलेली शिकवण बरीच वर्षे श्रेयावाचून राहिली आहे, ती निदान खुर्चीवर बसून द्यावी. कोणी चकोल्या लाटावयास शिकवील तर आम्ही पहिल्या रांगेत बसू. ज्यांना रात्रीच्या धुक्यात येणे-जाणे कठीण आहे त्यांच्या घरी डबा पोहोचविण्याचे काम तरुण सभासदांनी अंगावर घ्यावे. खर्चाचा अंदाज आम्ही लेखी दिला आहे. एका वाडग्याला जो खर्च येतो त्यात हल्ली चौकातला एक समोसा आणि एक चहा येतो. तो कागद मागील बैठकीत विषयपत्रिकेच्या शेवटी होता आणि वेळेअभावी राहून गेला. पुढील बैठकीत तो पहिला घ्यावा.

बटाटा शिजल्याची खूण आमच्या सहकाऱ्यांनी केली आहे. टोमॅटो आणि मटार त्यांनी मघाशीच घातले. आता आम्ही पास्ता घालीत आहोत; आठ मिनिटे लागतील. तेवढ्या वेळात ज्यांना मिरपूड चालत नाही आणि ज्यांना मीठ वर्ज्य आहे, त्यांनी कृपया डाव्या बाजूच्या मेजाकडे जाऊन आपली नावे सांगावी. त्यांचे वाडगे वेगळे काढले आहेत.